डाव चालू असताना फोन कोणाचा घ्यायचा?

सप्रेम नमस्कार,

माझं वय ६२, राहणार सांगली. बुद्धिबळ मला वडिलांनी शिकवलं. १९७६ साली रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळली तेव्हा ती १३ वर्षांची होती आणि मीही. पेपरातला तिचा फोटो कापून मी वहीत ठेवला होता. पुढे लग्न, नोकरी, मुलं, आणि पट माळ्यावर गेला. २०२५ च्या जुलैत नागपूरच्या दिव्या देशमुखनं महिलांचा विश्वचषक जिंकला, तो उत्साह बघून नातवानं माझ्या फोनवर बुद्धिबळाचं ॲप टाकून दिलं. आता रोज संध्याकाळी एक-दोन डाव खेळते, दहा-दहा मिनिटांचे.

अडचण फोनचीच आहे. परवा माझ्याकडे एक हत्ती जास्त होता. तो आठव्या ओळीत नेला की मात. बोट टेकवणार तेवढ्यात वरून कॉलची पट्टी आली आणि बोट हिरव्या बटणावर पडलं. "मॅडम, पर्सनल लोन हवंय का?" ते कापून परत येईपर्यंत पटावर 'रीकनेक्टिंग' फिरत होतं. वेळ संपला आणि मी हरले. रोज काहीतरी असतंच. कधी कर्जवाले, कधी कुरिअर, कधी ग्रुपवरचे फुलांचे फोटो.

मुलगा म्हणतो, विमान मोड टाक. पण ह्यांची दोन वर्षांपूर्वी अँजिओप्लास्टी झाली आहे. साडेचारला ते आमराईत फिरायला जातात, आणि घर शांत असतं ते तेवढाच वेळ. नेमका तेव्हाच त्यांचा फोन आला आणि लागला नाही तर? सून स्वभावानं चांगली आहे, पण "आई मोबाइल खेळतायत" असं ती सहज बोलून जाते तेव्हा ओशाळल्यासारखं होतं. या वयात खेळासाठी फोन गप्प ठेवावासा वाटणं चूक आहे का? फोन सॅमसंगचा आहे, दोन सिमचा.

एक वाचक, सांगली

ताई, नमस्कार.

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. चूक नाही, अजिबात नाही. बुद्धिबळात फोन वाजणं हा किती मोठा प्रकार आहे ते बघा. २००३ साली बल्गेरियातल्या प्लोव्दिव्हमध्ये युरोपीय सांघिक स्पर्धा चालू होती. त्याच्या आदल्याच वर्षी विश्वविजेता झालेल्या रुस्लान पोनोमारियोव्हचा मोबाइल डाव चालू असताना वाजला, आणि तेवढ्यावर त्याला तो डाव हरल्याचं जाहीर झालं. जो खेळ मोठमोठ्या सभागृहांत चिडीचूप शांततेत खेळला जातो, तो तुम्ही घरी खेळताना वीस मिनिटं शांतता मागताय. दहा-दहा मिनिटांचा डाव कितीही लांबला तरी वीस मिनिटांच्या पुढे जाऊ शकत नाही. दिवसातली वीस मिनिटं स्वतःची म्हणून मागायला तुम्हाला ओशाळावं लागतं, याचं मला फार वाईट वाटलं.

आता विमान मोडचं. मुलगा काळजीनंच सांगतोय, पण तुमच्या घरी ते चालणार नाही. विमान मोड टाकला की फोन सगळ्यांनाच बंद, काकांनाही. वर तुम्ही वायफायवर नसाल तर डावही बंद. ज्याला इंटरनेट लागत नाही अशा खेळाला तो उत्तम आहे, सुडोकू वगैरे खेळताना मध्ये येणाऱ्या जाहिरातीही त्यानं बहुधा थांबतात. तुम्हाला मात्र सगळ्यांना दार लावून एकाच माणसासाठी ते उघडं ठेवायचंय. ही सोय तुमच्या फोनमध्ये आत्ता आहे, वेगळं काही घालावं लागत नाही.

तिचं नाव 'डू नॉट डिस्टर्ब'. फोन मराठीत असेल तर 'व्यत्यय आणू नका' किंवा तशाच अर्थाचं काहीतरी दिसेल. पडद्याच्या वरच्या कडेवरून बोट दोनदा खाली ओढलं की चौकोनांची पाटी उघडते, तिच्यात हे चिन्ह असतं. त्यावर नुसतं टिचकी मारू नका, बोट दाबून धरा, म्हणजे आतली सेटिंग्ज उघडतील. तिथे कॉल आणि मेसेजचा एक भाग आहे. त्यात कोणाचे कॉल येऊ द्यायचे असं विचारलेलं असतं, तिथे 'फेव्हरिट' म्हणजे आवडते संपर्क तेवढे निवडा. मग फोनबुकात जाऊन काकांच्या नावापुढच्या चांदणीवर बोट ठेवा. ती चांदणी पेटली की काकांचा फोन नेहमीसारखा खणखणीत वाजेल आणि कर्जवाल्याचा वाजणार नाही. फोन जुना-नवा असेल तसे पर्यायांचे शब्द थोडे बदलतात, पण चांदणी सगळीकडे आहे.

चांदणी कोणाला द्यायची हे मात्र शांतपणे बसून ठरवा. काका, मुलगा, सून, काकांबरोबर आमराईत फिरणारे एक-दोन मित्र, आणि शेजारची अशी एक बाई जी खरंच काही झालं तर तुम्हालाच फोन करील. बस. बहिणीला द्यावीशी वाटेल, पण जी रोज साडेचारलाच गप्पा मारायला फोन करते तिला देऊ नका. तिला रिंग पूर्ण जाते, तुम्ही तिचा फोन कापलाय असं तिला कळतही नाही. डाव संपला की तुम्ही आपणहून तिला लावा.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, ती मी आमच्याच घरी शिकले. काही वर्षांपूर्वी आईच्या फोनवर मी हे सगळं लावून दिलं होतं. ती दुपारी शब्दकोडी सोडवते, तिला मध्ये फोन नको असतो. चांदणी फक्त मला आणि भावाला. त्या दिवशी कोडं सोडवून झालं आणि डू नॉट डिस्टर्ब काढायचं ती विसरली. संध्याकाळी मावशी न्हाणीघरात घसरली. घरात एकटी होती. तिनं शेजारणीच्या फोनवरून आईला फोन लावला, मग परत लावला. रात्री साडेनऊला आईनं फोन हातात घेतला तेव्हा त्याच्यावर सात मिस्ड कॉल होते, सगळे एकाच अनोळखी नंबरचे. मावशीचं मनगट मोडलं होतं, ते पुढे नीट जुळलं. पण त्या रात्री आईचा चेहरा जो झाला होता तो मी विसरलेले नाही. चूक तिची नव्हती. मी दोन गोष्टी लावायला विसरले होते.

पहिली म्हणजे 'रिपीट कॉलर्स', पुन्हा कॉल करणारे. त्याच पानावर हे बटण असतं. ते चालू असलं की एकाच नंबरावरून पंधरा मिनिटांत दुसऱ्यांदा फोन आला तर तो वाजतो, मग तो नंबर अनोळखी का असेना. काकांना बागेत चक्कर आली आणि त्यांचा फोन कुलूपबंद असल्यामुळे कोणी भला माणूस स्वतःच्या फोनवरून तुम्हाला लावायला लागला, तर त्याच्यासाठी हे बटण आहे. एखादा चिवट कर्जवालाही दोनदा करून आत येईल, येऊ दे. हे बटण बंद ठेवू नका. काकांच्या खिशात तुमचा नंबर लिहिलेली चिठ्ठी ठेवा, आणि त्यांच्या फोनच्या लॉक स्क्रीनवर आणीबाणीचा संपर्क म्हणून तुमचं नाव घाला. कुलूप न उघडता 'इमर्जन्सी'वर दाबलं की ते दिसतं.

दुसरी म्हणजे वेळेची मर्यादा. डू नॉट डिस्टर्ब हातानं चालू केलं की हातानं बंद करावं लागतं, आणि माणूस विसरतोच. त्याच सेटिंग्जमध्ये वेळापत्रक लावता येतं. रोज साडेचार ते साडेपाच असं लावून टाका. साडेपाचला ते आपोआप उठेल, तुम्ही डाव जिंकलेला असो की हरलेला.

अजून एक, कारण हे बहुतेकांच्या लक्षात येत नाही. चांदणीची सवलत साध्या फोन कॉलला आहे. व्हॉट्सॲपवरून केलेला कॉल फोनच्या लेखी एका ॲपची सूचना असते आणि तो अडकून बसू शकतो. काकांना सांगून ठेवा, बागेतून करायचा तर साधा फोन करायचा, व्हॉट्सॲपवरून नाही.

आता परवाचा डाव का गेला ते बघू, कारण तिथे एक नाही, दोन गोष्टी घडल्या. कॉलची पट्टी नेमकी पटाच्या वरच्या भागावर आली. तुमची आठवी ओळ तिथेच. ज्या 'फोन' ॲपमधून तुम्ही कॉल करता त्याच्या सेटिंग्जमध्ये, दुसरं ॲप वापरत असताना कॉल कसा दिसावा हे ठरवता येतं: पूर्ण पडदा, पट्टी, किंवा छोटी पट्टी. छोटी ठेवा. शिवाय डू नॉट डिस्टर्बच्या पानावर सूचना लपवायचा जो भाग आहे तिथे सगळं लपवा असं निवडा. नाहीतर काही वेळा आवाज बंद होतो पण पट्टी डोळ्यांसमोर येतच राहते, आणि तुमचा शत्रू आवाज नाही, पट्टी आहे.

दुसरी गोष्ट 'रीकनेक्टिंग'ची. तो कॉल तुमच्या एका सिमवर आला असणार आणि इंटरनेट दुसऱ्या सिमवर चालू असणार. दोन सिमच्या बहुतेक फोनांत एका सिमवर बोलणं सुरू झालं की दुसऱ्या सिमचं इंटरनेट थांबतं. तुम्ही चार सेकंदच बोललात, पण तेवढ्यात जोडणी तुटली, आणि घड्याळ तर ॲपवाल्यांच्या सर्व्हरवर चालतं. ते तुमच्यासाठी थांबत नाही. कधी एकाच सिमवरही असं होतं. फोनमध्ये व्हीओएलटीई, म्हणजे ४जीवरूनच बोलायची सोय, बंद असेल तर कॉल येताच फोन ४जी सोडून जुन्या नेटवर्कवर उतरतो आणि इंटरनेट अडतं, तुम्ही फोन उचलला नाही तरीसुद्धा. म्हणजे नुसती रिंग बंद करून भागत नाही. घरात वायफाय असेल तर डाव त्यावरच खेळा. तिथे कॉलची वाट वेगळी आणि डावाची वेगळी. वायफाय नसेल तर सेटिंग्जमध्ये दोन्ही सिमना व्हीओएलटीई चालू आहे का ते मुलाला बघायला सांगा, आणि सिम मॅनेजरमध्ये कॉलच्या वेळी डेटा दुसऱ्या सिमवर वळवायचा पर्याय असला तर तोही चालू करू दे. त्याला मात्र दोन्ही सिमवर नेटचा पॅक लागतो.

सॅमसंगमध्ये खेळांसाठी गेम बूस्टर म्हणून वेगळी सोय आहे आणि त्यात 'प्रायॉरिटी मोड' असतो. नातू तो लावून देईल, कारण पोरांना तो आवडतो. तुम्ही लावू नका. तो गजर आणि आणीबाणीच्या सूचना सोडून सगळे कॉल अडवतो, काकांचाही. गेम बूस्टरमधलं एकच घ्या: खेळताना कडेवरून बोट घसरून मागे जाण्याची किंवा घरच्या पडद्यावर जाण्याची जी क्रिया होते ती अडवायचा पर्याय. कडेच्या पट्टीतलं प्यादं सरकवताना ॲपच बंद होतं असं कधी झालं असेल तर कारण तेच.

कर्जवाल्यांचं मुळातूनही काही करता येतं. मेसेजमध्ये इंग्रजी अक्षरांत स्टार्ट लिहा, एक जागा सोडून शून्य टाका आणि १९०९ वर पाठवा. मेसेज जमत नसेल तर १९०९ ला फोन करा. दोन्ही सिमवरून वेगवेगळं करायला हवं. त्यानं नोंदणीकृत कंपन्यांचे जाहिरातीचे कॉल थांबतात. साध्या दहा आकडी मोबाइल नंबरावरून बेकायदा फोन करणारे त्यानं थांबत नाहीत, त्यांची तक्रार ट्राय या दूरसंचार नियामक संस्थेच्या डीएनडी ॲपवर करता येते. जाहिरातीच्या अधिकृत कॉलचा नंबर १४० नं सुरू होतो. १६०० नं सुरू होणारे नंबर बँका, विमा कंपन्या आणि सरकारी कार्यालयांच्या कामाच्या कॉलसाठी आहेत, ते सरसकट ब्लॉक करू नका. आणि पडद्याच्या मध्यावर एकदम एखादी चौकट उगवून 'ओके' आणि 'कॅन्सल' विचारत असेल, क्रिकेटचा स्कोअर किंवा राशिभविष्य असलं काहीतरी, तर ती सिमवरून येते. फोनमधल्या सिम टूलकिट नावाच्या ॲपमध्ये ती बंद करता येते. घाईत 'ओके' दाबून एखादी पैसे कापणारी सेवा चालू झाली असेल तर १५५२२३ ला फोन करून ती काढता येते.

एकच आवाज बंद करू नका, सरकारी आणीबाणीच्या सूचनेचा. तो मोठ्यांदा येतो, डाव घालवतो, तरीही. २०१९ आणि २०२१ चा कृष्णेचा पूर ज्या गावानं अंगावर घेतलाय त्या गावात याहून जास्त सांगायची गरज नाही.

आता डावाबद्दल. दहा मिनिटांच्या डावात एक व्यत्यय आला की सावरायला जागाच राहत नाही. त्याऐवजी '१५ + १०' चा डाव लावून बघा. सुरुवातीला पंधरा मिनिटं आणि प्रत्येक चालीला दहा सेकंद मिळतात. चाळीस चालींचा डाव झाला तर तुमच्या वाट्याला साधारण २१ ते २२ मिनिटं येतात, दोघांची मिळून पाऊण तासाच्या आत. शेवटच्या हत्तीच्या खेळात हे दहा सेकंद फार कामाला येतात. आणि ज्या दिवशी घरात पाहुणे असतील त्या दिवशी एका चालीला एक किंवा दोन दिवस मिळणारा डाव खेळा, तो कुकरच्या शिट्ट्यांमध्येही खेळता येतो. लिचेस या बुद्धिबळाच्या ॲपवर हे सगळे प्रकार फुकट आहेत आणि तिथे जाहिराती अजिबात नाहीत.

या सदराचे बाकीचे वाचक विचारतील म्हणून थोडक्यात. आयफोन असेल तर 'फोकस'मध्ये गेमिंग निवडून कोणाचे कॉल येऊ द्यायचे ती माणसं घाला. तिथे दुसऱ्यांदा आलेला कॉल वाजतो तो तीन मिनिटांच्या आत आला तरच, हा फरक घरच्यांना सांगून ठेवा. आणि बीजीएमआय चार बोटांनी खेळणाऱ्या पोरांनो, ऐन लढाईत स्क्रीनशॉट निघून पडदा अडकतो ना, तो तीन बोटं खाली ओढून स्क्रीनशॉट काढायच्या सोयीमुळे. शाओमी, रिअलमी, ओप्पो, विवोच्या फोनांत सेटिंग्जमध्ये जाऊन ती बंद करा.

परत तुमच्याकडे येते, ताई. फोनचं सगळं अर्ध्या तासात होईल. सुनेशी बोलायला कदाचित जास्त वेळ लागेल, आणि ते तुम्हीच करायचंय, मुलाकरवी नाही. ती वाईट हेतूनं बोलत नाही असं तुम्हीच लिहिलंय. तिला बहुधा माहीतच नाही की तुम्ही काय खेळताय. बाहेरून बघणाऱ्याला सगळं सारखंच दिसतं: आई, आणि हातात मोबाइल. माळ्यावरचा पट खाली काढा. एखाद्या रविवारी तुमचा फोनवरचा एक डाव त्या पटावर मांडून तिला दाखवा, परवाचाच दाखवा. हत्ती कुठे जाणार होता, मात कशी होती, आणि फोन कुठे आला. वहीतला तो कापलेला फोटो अजून असेल तर तोही दाखवा. मग सांगा, "साडेचार ते साडेपाच माझा डाव असतो. तेवढा वेळ दूधवाला, इस्त्रीवाला तू बघ. पोराच्या अभ्यासाला मी नंतर बसते." दिवसभर मोबाइल बघू नका असं कोणी म्हटलं तर त्यात तथ्य असू शकतं. पण ठरलेला एक तास, ठरलेला खेळ आणि ठरलेल्या वेळी खाली ठेवलेला फोन, याला कोणी नावं ठेवावीत असं त्यात काही नाही.

काकांचा फोन वाजला की मात्र पटाकडे बघू नका. जिंकत असलात तरी. त्यांनी येताना कोथिंबीर आणू का एवढंच विचारायला केला असेल, तरी चालेल, उचला. गेलेले गुण चार डावांत परत येतात.

हे सगळं लावून झालं की आज रात्री जेवणं झाल्यावर एकदा करून बघा. डू नॉट डिस्टर्ब चालू करा, एक डाव संगणकाशी मांडा आणि काकांना बाहेरच्या खोलीतून फोन करायला सांगा. वाजायला हवा. मग चांदणी नसलेल्या कोणाला तरी, बहिणीलाच, करायला सांगा. पहिल्यांदा वाजता कामा नये आणि लगेच दुसऱ्यांदा केला की वाजला पाहिजे. तीनही वेळा ठरल्याप्रमाणे झालं तर उद्या साडेचारला खरा डाव लावा. नाही झालं तर काय झालं ते मला सविस्तर लिहा, पडद्यावर आलेले शब्द जसेच्या तसे उतरवून.